नाईट वॉच काढणाऱ्या रेम्ब्रँटला बायकोच्या कबरीची जागासुद्धा विकावी लागली होती

साल १६५६. इकडे जानेवारीत शिवाजी महाराजांनी मोऱ्यांची जावळी घेतली होती. त्याच वर्षी जुलैमध्ये तिकडे अॅमस्टरडॅममध्ये सरकारी कारकून एका चित्रकाराच्या घरात शिरले आणि दोन दिवस खोली न् खोली फिरून यादी करत बसले. भिंतीवरची चित्रं, कोपऱ्यातले पुतळे, शिरस्त्राणं, भाले, समुद्रातले शंख, खुर्च्या, भांडीकुंडी सगळं त्यांनी लिहून काढलं. धुवायला गेलेले शर्ट आणि हातरुमालसुद्धा सोडले नाहीत. यादी संपली तेव्हा आकडा ३६३ नोंदींवर गेला होता.

हे घर होतं रेम्ब्रँट व्हॅन राईनचं. युरोपातल्या सगळ्यात मोठ्या चित्रकारांची नावं काढली तर पहिल्या चार-पाचांत येणारा माणूस. त्या दिवशी मात्र तो पन्नाशीतला एक कर्जबाजारी इसम होता आणि त्याच्या घरातली खुंटीसुद्धा त्याची राहिली नव्हती.

आता एवढा नावाजलेला माणूस, ज्याच्याकडे कधीकाळी शहरातले श्रीमंत रांग लावून उभे असायचे, तो या अवस्थेला आला कसा? बऱ्याच ठिकाणी याचं एक सोपं उत्तर सांगितलं जातं. त्यानं नाईट वॉच नावाचं चित्र काढलं, ते लोकांना आवडलं नाही, कामं बंद झाली आणि बाबा रस्त्यावर आला. गोष्ट म्हणून हे भारी वाटतं, पण खरं नाही. खरा मामला घराचे हप्ते, लिलावाचा नाद, मृत्युपत्रातली एक अट आणि दोन बायकांवर झालेल्या अन्यायाचा आहे.

रेम्ब्रँटचा जन्म १५ जुलै १६०६ चा, हॉलंडमधल्या लायडन गावातला. बापाची ऱ्हाईन नदीकाठी गिरणी होती, व्हॅन राईन हे आडनाव त्या नदीवरूनच आलं. आई बेकरीवाल्याची मुलगी. घरात पोरं भरपूर, हा नववा. बाकीची भावंडं कामधंद्याला लागली, पण हे पोरगं हुशार दिसतंय म्हणून आईबापानं त्याला लॅटिन शाळेत घातलं. १६२० मध्ये लायडन विद्यापीठात नावही नोंदवलं. पण याचं लक्ष चित्रात. शेवटी घरच्यांनी हट्ट सोडला आणि त्याला गावातल्याच एका चित्रकाराकडे शिकायला ठेवलं. तिथं साधारण तीन वर्षं काढल्यावर तो अॅमस्टरडॅमला पीटर लास्टमन या नामांकित चित्रकाराकडे गेला. लास्टमनकडे तो सहाच महिने होता, पण गोष्ट कशी रंगवायची, माणसांच्या हातवाऱ्यांतून नाट्य कसं उभं करायचं, हे तो तिथंच शिकला.

परत आल्यावर त्यानं लायडनमध्येच काम सुरू केलं. पैसे देऊन मॉडेल बसवण्यापेक्षा आरसा स्वस्त. तो आरशासमोर बसायचा, दात विचकायचा, डोळे वटारायचा, घाबरल्याचं सोंग करायचा आणि ते कागदावर उतरवायचा. ही सवय त्याला आयुष्यभर पुरली. चित्रं, छापचित्रं आणि रेखाटनं धरली तर त्यानं स्वतःलाच जवळपास ऐंशी वेळा काढलंय. सेल्फीचा जमाना यायला अजून साडेतीनशे वर्षं होती.

१६२९ च्या सुमारास त्याच्यावर कॉन्स्टँटाइन हायगेन्स यांची नजर पडली. हे हॉलंडच्या राजपुत्राचे सचिव. बारावीच्या फिजिक्समध्ये ज्या हायगेन्सचं तत्त्व पाठ करावं लागतं, त्या शास्त्रज्ञाचे हे वडील. त्यांच्यामुळं गिरणीवाल्याच्या पोराला थेट दरबाराची कामं मिळायला लागली.

त्या वेळचं अॅमस्टरडॅम म्हणजे जगाची बाजारपेठ. डच ईस्ट इंडिया कंपनीची जहाजं सुरतेपासून जावापर्यंत फिरत होती, मसाले, रेशीम आणि पैसा शहरात ओतत होती. राजेरजवाडे कमी आणि व्यापारी जास्त. या नव्या श्रीमंतांना भिंतीवर स्वतःचं चित्र लावायची हौस होती. रेम्ब्रँटनं हे ओळखलं आणि पंचविशीत गाव सोडून तो अॅमस्टरडॅमला आला. राहायला जागा मिळाली हेंड्रिक आउलेनबर्ग या चित्रांच्या व्यापाऱ्याकडे.

१६३२ मध्ये त्याला शहरातल्या शल्यविशारदांच्या संघटनेचं काम मिळालं. डॉ. टुल्प हे शवविच्छेदन करून दाखवताहेत आणि बाकीचे सात जण बघताहेत, असं चित्र हवं होतं. टेबलावरचं प्रेत चोरीसाठी फाशी दिलेल्या एका गुन्हेगाराचं. तोवर अशी समूहचित्रं म्हणजे शाळेचा ग्रुप फोटो. सगळे एका ओळीत, सगळे समोर बघणार. रेम्ब्रँटनं यातल्या कुणाला वाकायला लावलं, कुणाला मान ताणायला लावली, प्रकाश प्रेतावर आणि चेहऱ्यांवर पाडला आणि बाकीचं अंधारात ढकललं. चित्र लागलं आणि एका रात्रीत नाही, पण एका वर्षात तो शहरातला सगळ्यात मागणी असलेला चित्रकार झाला.

१६३४ मध्ये लग्न झालं. मुलगी घरमालक आउलेनबर्गच्याच नात्यातली, सास्किया. तिचे वडील लेउवार्डन शहराचे महापौर होते, ते वारल्यावर तिला चांगला वारसा मिळाला होता. म्हणजे गिरणीवाल्याच्या मुलासाठी हे स्थळ बरंच वरचं. आणि तसं प्रेमही दिसतं, कारण रेम्ब्रँटनं तिला देवी म्हणून, फुलं माळलेली म्हणून, आजारपणात अंथरुणावर पडलेली म्हणून, सतत काढत ठेवलं.

इथून पैशांची गडबड सुरू होते.

रेम्ब्रँटला लिलावाचा नाद होता. शहरात कुणाच्या संग्रहाचा लिलाव निघाला की हा हजर. इटालियन चित्रं, जुनी छापचित्रं, रोमन पुतळे, तलवारी, वाद्यं, दूरदेशीचे कपडे. बोली लावायचा तीही अशी की पुढच्यानं माघारच घ्यावी. यातल्या बऱ्याच वस्तू त्याच्या चित्रांत वापरल्या गेल्या हे खरं, पण खर्च तो खर्चच. १६३८ मध्ये सास्कियाच्या नातेवाइकांनी उघड बोलायला सुरुवात केली की ही पोरगी बापाचा पैसा उडवतीये. रेम्ब्रँटनं बदनामीचा दावा लावला आणि हरला.

पुढच्याच वर्षी, जानेवारी १६३९ मध्ये, त्यानं ब्रेस्ट्राट भागात मोठं घर घेतलं. किंमत १३,००० गिल्डर. त्या काळात एखाद्या कसबी कारागिराला वर्षाकाठी ३०० गिल्डरच्या आसपास मिळायचे, म्हणजे त्याची चाळीस वर्षांची कमाई. करार असा की चौथाई रक्कम वर्षभरात द्यायची आणि उरलेली पाच-सहा वर्षांत फेडायची. त्याच्या तेव्हाच्या कमाईकडे बघता हे जमण्यासारखं होतं. फक्त त्यानं ते केलं नाही. पैसा आला की लिलावात जायचा आणि घराचं देणं तसंच राहायचं.

घरात वेगळंच चाललं होतं. १६३५ मध्ये पहिला मुलगा झाला आणि काही आठवड्यांत गेला. १६३८ मध्ये मुलगी झाली, रेम्ब्रँटच्या आईवरून कॉर्नेलिया नाव ठेवलं, तीही गेली. १६४० मध्ये पुन्हा मुलगी, पुन्हा कॉर्नेलिया हेच नाव, आणि पुन्हा तेच. १६४१ मध्ये टायटस जन्मला आणि तो जगला. पण बाळंतपणानंतर सास्किया सावरलीच नाही. जून १६४२ मध्ये ती गेली, तेव्हा वय फक्त २९ आणि पोरगं नऊ महिन्यांचं.

आणि हेच वर्ष नाईट वॉचचं.

हे चित्र आहे शहराच्या नागरी पथकाचं, कॅप्टन फ्रान्स बॅनिंग कॉक आणि त्याच्या माणसांचं. साडेचार मीटरहून जास्त रुंद. पैसे देणाऱ्या लोकांना वाटलं असेल की आपण रुबाबात उभे दिसू, पण रेम्ब्रँटनं अख्खं पथक चालतं केलं. कुणी बंदुकीत दारू भरतोय, कुणी ढोल वाजवतोय, मधूनच सोनेरी कपड्यातली एक मुलगी कमरेला कोंबडी बांधून पळतीये. काहींचे चेहरे अर्धे झाकले गेलेत. यावरून ती फसलेल्या चित्राची गोष्ट तयार झाली. प्रत्यक्षात पैसे मिळाले, माणशी साधारण १०० गिल्डर याप्रमाणे १,६०० च्या आसपास. कॅप्टनसाहेबांनी तर या चित्राची छोटी नक्कल काढून घेऊन आपल्या अल्बममध्ये ठेवली. न आवडलेल्या गोष्टीची नक्कल कोण काढून ठेवतं?

नावाचाही घोळच आहे. हा रात्रीचा पहारा नाहीच, चित्र दिवसाचं आहे. वरचं व्हार्निश काळं पडत गेलं आणि अठराव्या शतकाच्या शेवटी लोक त्याला नाईट वॉच म्हणायला लागले. १७१५ मध्ये हे चित्र नगरभवनात हलवताना नव्या भिंतीवर मावेना, म्हणून चारही बाजूंनी कापलं. भिंत बदलायची सोडून रेम्ब्रँट कापला. ते तुकडे परत कधीच मिळाले नाहीत. २०२१ मध्ये रिक्सम्युझियमनं एका जुन्या नकलेच्या आणि आर्टिफिशियल इंटेलिजन्सच्या मदतीनं कापलेला भाग छापून शेजारी लावला होता, तेव्हा लोकांना तीनशे वर्षांनी पहिल्यांदा पूर्ण चित्राचा अंदाज आला.

तर चित्र नव्हे, सास्कियाचं मृत्युपत्र पुढं जास्त महागात पडलं. तिनं आपला हिस्सा टायटसच्या नावे केला होता. रेम्ब्रँटला तो वापरता येणार होता, पण दुसरं लग्न करेपर्यंतच. लग्न केलं की पैशांचा हिशोब द्यायचा. पुढं १६४७ मध्ये नवरा-बायकोच्या एकत्र मालमत्तेची मोजदाद झाली ती ४०,७५० गिल्डर. म्हणजे वीस हजारांवर रक्कम पोराची. ती रोख कुठं होती? लिलावातल्या पुतळ्यांत आणि चित्रांत.

टायटसला सांभाळायला गेर्त्ये डिर्क्स नावाची एक विधवा बाई घरात आली. तिचं आणि रेम्ब्रँटचं जमलं. त्यानं तिला सास्कियाचे दागिने दिले. काही वर्षांनी घरात हेंड्रिक्ये स्टॉफेल्स ही तरुण मोलकरीण आली आणि वारं फिरलं. १६४९ मध्ये गेर्त्येनं कोर्टात सांगितलं की यानं लग्नाचं वचन दिलं होतं, आता मोडतोय. कोर्टानं लग्न लावून दिलं नाही, पण दरवर्षी २०० गिल्डर पोटगी द्यायला लावली.

इथवर एक बिघडलेलं नातं म्हणता येईल. पण पुढं जे झालं त्यावर पांघरूण घालता येत नाही. पैशांची चणचण आल्यावर गेर्त्येनं ते दागिने गहाण टाकले. रेम्ब्रँटनं तिच्या भावाला आणि शेजाऱ्यापाजाऱ्यांच्या जबान्यांना हाताशी धरून १६५० मध्ये तिची रवानगी गौडा शहरातल्या सुधारगृहात केली. बदचालीच्या ठरवलेल्या बायकांना कोंडून कामाला जुंपायची ती जागा. तिथं न्यायचा खर्चही यानंच उचलला. ती पाच वर्षं आत होती. तिच्या ओळखीच्या बायकांनी सुटकेसाठी खटपट केली तेव्हा रेम्ब्रँटनं तीही हाणून पाडायचा प्रयत्न केला. ती १६५५ मध्ये सुटली आणि नंतर फार जगली नाही. म्हाताऱ्या बायकांच्या चेहऱ्यावरची प्रत्येक सुरकुती मायेनं रंगवणारा आणि एका बाईला कोंडून ठेवणारा माणूस एकच होता.

हेंड्रिक्येच्या वाट्यालाही मान आला नाही. मृत्युपत्राच्या अटीमुळं रेम्ब्रँट लग्न करेना. १६५४ मध्ये ती गरोदर असताना चर्चनं तिला बोलावून घेतलं, लग्नाशिवाय राहते म्हणून दोषी ठरवलं आणि धर्मविधीतून बाहेर काढलं. रेम्ब्रँटला शिक्षा झाली नाही. ऑक्टोबरमध्ये मुलगी झाली. नाव पुन्हा कॉर्नेलिया. ही जगली.

याच सुमारास पैशाचा दोर तुटला. १६५२ ते १६५४ इंग्लंडशी युद्ध झालं, व्यापार बसला, लोकांनी हात आखडता घेतला. १६५३ मध्ये घराच्या मूळ मालकानं थकलेले पैसे मागितले, व्याजासकट आठ हजारांच्या वर. चौदा वर्षं झाली होती, त्यानं तरी किती थांबायचं? रेम्ब्रँटनं एकाचं फेडायला तिघांकडून घेतलं. मित्र यान सिक्सकडून १,०००, एका व्यापाऱ्याकडून ४,२०० आणि कॉर्नेलिस विट्सन या बड्या नगरनेत्याकडून ४,१८०.

कमाई मात्र मंदावली होती. शहरात आता गुळगुळीत, चकचकीत चित्रांची फॅशन आली होती आणि ते काम त्याचेच जुने शिष्य झकास करत होते. हा उलट दिशेनं निघाला. रंग जाड, कुंचल्याचे फटकारे उघडे, तपशील कमी. त्यात कामाला वेळ फार लावायचा. १६५४ मध्ये एका व्यापाऱ्यानं तक्रार केली की मुलीचं चित्र तिच्यासारखं दिसत नाही, ७५ गिल्डर ॲडव्हान्स परत द्या. रेम्ब्रँटनं आधी उरलेले पैसे मागितले. गिऱ्हाइकापुढं मान तुकवणं त्याला जमत नव्हतं.

मे १६५६ मध्ये त्यानं घर टायटसच्या नावावर केलं, म्हणजे सावकारांच्या हाती लागू नये. जुलैमध्ये स्वतःच कोर्टात जाऊन सांगितलं की मालमत्ता घ्या आणि मला मोकळं करा. मग ते कारकून आले.

त्या यादीत एका अल्बमचा उल्लेख आहे, त्यात बारीक कलाकुसरीची लघुचित्रं होती. अनेक अभ्यासकांना वाटतं की ही भारतातून आलेली मुघल लघुचित्रं असावीत. कारण साधारण १६५६ ते १६६१ या काळात रेम्ब्रँटनं मुघल चित्रांवरून काढलेली वीसहून जास्त रेखाटनं आज शिल्लक आहेत. त्यात जहांगीर आहे, शहाजहान आहे, दारा शुकोह आहे. एरवी सैल हातानं रेघा ओढणारा हा माणूस इथं पागोट्याची घडी, जामा, कट्यार सगळं नीट बघून काढतो, तेही आशियातून आलेल्या महागड्या कागदावर. दिवाळं निघालेल्या काळात, जिथं आयुष्यात कधी पाय ठेवला नाही त्या देशाच्या अनोळखी चित्रकारांचं काम तो विद्यार्थ्यासारखं गिरवत बसला होता.

घर १६५८ मध्ये ११,२१८ गिल्डरला गेलं, म्हणजे घेतल्या किमतीपेक्षाही कमी. आयुष्यभर जमवलेला संग्रह लिलावात मातीमोल भावानं फुटला. विट्सनची रक्कम वसूल झाली. जाता जाता, याच विट्सनचा मुलगा निकोलास. तो पुढं अॅमस्टरडॅमचा महापौर झाला, त्याच्या संग्रहात भारतातल्या राजेलोकांच्या चित्रांचा अल्बम होता आणि त्यात शिवाजी महाराजांचं चित्र आहे. तो अल्बम आज रिक्सम्युझियममध्ये आहे, नाईट वॉच आहे त्याच संग्रहालयात.

रेम्ब्रँट रोझनग्राख्त भागात २२५ गिल्डर वार्षिक भाड्याच्या घरात गेला. डिसेंबर १६६० मध्ये हेंड्रिक्ये आणि एकोणीस वर्षांच्या टायटसनं एक शक्कल लढवली. दोघांनी चित्रविक्रीची भागीदारी कंपनी काढली आणि रेम्ब्रँटला नोकरीवर ठेवलं. तो चित्रं काढणार, मालकी कंपनीची, बदल्यात त्याला राहणं-खाणं. सावकारांनी मागायचं म्हटलं तरी त्याच्या नावावर काहीच नाही. जिला चर्चनं हाकललं होतं, तीच बाई आता त्याची मालक होती आणि तिच्यामुळंच घर चालत होतं.

एक मोठी संधीही आली. नव्या नगरभवनातल्या चित्रांचं काम त्याचा शिष्य गोव्हर्ट फ्लिंक याला मिळालं होतं, पण तो १६६० मध्ये वारला आणि एक चित्र रेम्ब्रँटकडे आलं. विषय होता रोमनांविरुद्ध बंड करणारा एकाक्ष सरदार. इतरांनी असा सरदार एका बाजूनं दाखवला असता. रेम्ब्रँटनं त्याला समोरून काढलं, गेलेल्या डोळ्यासकट, रांगडा, मशालीच्या उजेडात. चित्र लागलं आणि काही महिन्यांत उतरवलं गेलं. पैसे नाहीत. त्यानं ते प्रचंड चित्र कापून लहान केलं, निदान विकलं तरी जाईल म्हणून. उरलेला तुकडा आज स्टॉकहोममध्ये आहे, आणि तोही तीन मीटर रुंद आहे.

१६६२ मध्ये त्यानं सास्कियाच्या कबरीची जागा विकली. पुढच्या वर्षी हेंड्रिक्ये गेली. १६६५ मध्ये खूप कोर्टकचेऱ्या होऊन टायटसला आईच्या वारशातले ६,९५२ गिल्डर मिळाले. फेब्रुवारी १६६८ मध्ये त्याचं लग्न झालं आणि सप्टेंबरमध्ये तोही गेला, अजून २७ पूर्ण झाले नव्हते. त्याची मुलगी तिटिया त्यानंतर सहा महिन्यांनी जन्मली.

त्या शेवटच्या वर्षात, १६६९ मध्ये, म्हातारा पुन्हा आरशासमोर बसला. त्या वर्षातली त्याची स्वतःची चित्रं लंडन आणि हेगमध्ये बघायला मिळतात. सुजलेले डोळे, लोंबलेली गाल, पांढरे केस, काही लपवलेलं नाही. ४ ऑक्टोबर १६६९ ला तो गेला. दुसऱ्या दिवशी पुन्हा यादी करायला माणूस आला, आणि त्या भाड्याच्या घरातही चित्रं, रेखाटनं, जुन्या दुर्मीळ वस्तू इतक्या निघाल्या की तीन खोल्यांत भरून कुलपं लावावी लागली. म्हणजे नाद सुटला नव्हता.

वेस्टरकेर्क या चर्चमध्ये भाड्याच्या, बिननावाच्या कबरीत त्याला पुरलं. भाड्याच्या कबरी काही वर्षांनी रिकाम्या करायची तिथं पद्धत होती, त्यामुळं त्याच्या अस्थी आज नेमक्या कुठं आहेत हे कुणालाच दाखवता येत नाही. ब्रेस्ट्राटवरचं ते घर मात्र १९११ पासून संग्रहालय आहे. आतल्या खोल्या पुन्हा सजवताना कुठं काय होतं हे कळलं ते कारकुनांच्या १६५६ च्या यादीवरून.

मागं राहिली होती हेंड्रिक्येची मुलगी कॉर्नेलिया, पंधरा वर्षांची. वर्षभरात तिचं एका चित्रकाराशी लग्न झालं आणि दोघं ईस्ट इंडिया कंपनीच्या जहाजानं बटाव्हियाला, म्हणजे आजच्या जकार्ताला गेली. तिथं तिला दोन मुलगे झाले. थोरल्याचं नाव तिनं रेम्ब्रँट ठेवलं आणि धाकट्याचं आईवरून हेंड्रिक.